आरोग्याच्या पाहणीत आपण दिलेले उत्तर : ते कुठे खरे ठरते, कुठे फसते



गावात वर्षभर कुणी ना कुणी वही किंवा टॅब घेऊन दारात उभे असते. कधी आशाताई येते, कधी सरकारी पाहणीचे लोक येतात, कधी एखाद्या वैद्यकीय महाविद्यालयाची मुले येतात. "घरात कुणाला बीपी-शुगर हाय का? तंबाखू खाता का? गेल्या पंधरा दिवसांत कोण आजारी पडलं होतं का?" असे विचारतात. धारेची वेळ झालेली असते, पाण्याची पाळी असते, लाईट कधी जाईल याचा नेम नसतो. मग आपण उभ्या उभ्याच सांगून मोकळे होतो, "काय नाय बघा, समदं बेस हाय." कागदावर तशी नोंद होते आणि पाहुणा पुढच्या घरी जातो.

त्या दोन मिनिटांच्या उत्तराचे पुढे काय होते, संशोधक त्यावर कितपत विश्वास ठेवतात, आणि आपण खरे सांगितले न सांगितले तर कुणाचे काय बिघडते, याविषयी चार गोष्टी या लेखात सांगाव्यात असा आमचा विचार आहे. विषय शास्त्राचा असला तरी समजायला अवघड नाही, कारण आपण सारे रोज त्याच पद्धतीने कारभार करीत असतो.

वजनकाटा आणि तोंडी नोंद

माणसाला त्याच्याविषयी विचारायचे आणि तो सांगेल ते माहिती म्हणून घ्यायचे, या पद्धतीला शास्त्रात स्वनिवेदन म्हणतात. मानसशास्त्रात आणि आरोग्याच्या संशोधनात ही सर्वांत जास्त वापरली जाणारी पद्धत आहे. प्रश्नावली, मुलाखत, रोजची टिपणवही हे सारे तिचेच प्रकार.

आपल्या ऊस नोंदीचेच उदाहरण घ्या. चिटबॉय बांधावर येऊन विचारतो, "लागण कधीची? जात कुठली? खोडवा का निडवा?" सभासद सांगतो तसे तो लिहून घेतो. हे स्वनिवेदनच झाले. पण त्याच सभासदाने "एकरी साठ टन निघंल" असे सांगितले म्हणून काही साठ टनांचे बिल निघत नाही. ऊस गाडीत भरून यावा लागतो, काट्यावर चढावा लागतो. साखरेचा उतारा तर सभासदाला विचारून कळायचाच नाही, त्याला रस प्रयोगशाळेत तपासावा लागतो. मात्र उसाला किती पाळ्या पाणी दिले, खताचा दुसरा हप्ता कधी टाकला, हे ना काटा सांगू शकत, ना प्रयोगशाळा. ते फक्त शेतकरीच सांगू शकतो.

आरोग्याचेही तसेच आहे. काही गोष्टींना काटा आहे, काहींना नाही. कोणती गोष्ट काट्यावर घालायची आणि कोणती माणसाला विचारायची, हे ओळखणे ही संशोधकाची पहिली कसोटी असते.

जिथे सांगण्यावाचून गत्यंतर नाही

दुखणे मोजायचे यंत्र निघालेले नाही. कंबर किती दुखते हे ज्याची कंबर त्यालाच ठाऊक. म्हणून डॉक्टर विचारतात, "अजिबात दुखत नाही म्हणजे शून्य, आणि सहन होण्यापलीकडे दुखतं म्हणजे दहा, तर तुमचं किती?" झोप लागते का, जिवाला घोर आहे का, कशात मन लागते का, याचीही तीच गत. रक्त तपासून काळजी दिसत नाही.

मनाच्या आजारासाठी जगभर वापरली जाणारी एक नऊ प्रश्नांची प्रश्नावली आहे. गेल्या दोन आठवड्यांत कामात रस वाटला का, उदास वाटले का, झोप-भूक कशी होती, स्वतःचे वाईट करून घ्यावे असे विचार मनात आले का, असे तिचे प्रश्न. प्रत्येकाला 'अजिबात नाही' पासून 'जवळजवळ रोज' पर्यंत ० ते ३ गुण, म्हणजे एकूण जास्तीत जास्त २७. साधारणपणे १० किंवा अधिक गुण आले की पुढची सविस्तर तपासणी करावी असे मानतात. नुसत्या गुणांवरून कुणाला आजारी ठरवीत नाहीत. ती फक्त चाळणी आहे. पण ती चाळणी सर्वस्वी माणसाच्या सांगण्यावर चालते.

आता कुणी म्हणेल, माणसाच्या बोलण्यावर काय भरवसा? तर याचाही शोध घेतला गेला आहे. कॅनडाच्या मॅनिटोबा प्रांतात १९७१ साली वृद्ध माणसांना एक साधा प्रश्न विचारला होता : तुमच्या वयाच्या मानाने तुमची तब्येत कशी आहे? पुढे काही वर्षे त्यांच्यावर लक्ष ठेवले आणि १९८२ साली मोसी व शपायरो या संशोधकांनी त्याचे निष्कर्ष छापले. 'उत्तम' म्हणणाऱ्यांच्या तुलनेत 'वाईट' म्हणणाऱ्यांना पहिल्या काही वर्षांत मृत्यूचा धोका जवळजवळ तिप्पट होता. डॉक्टरी नोंदींवरून दिसणारे आजार, वय, उत्पन्न हे सारे हिशेबात धरूनसुद्धा फरक उरला. त्यानंतर अनेक देशांत असेच आढळले. डॉक्टरांच्या कागदाला जे दिसले नाही ते म्हाताऱ्या माणसाच्या एका उत्तरात उतरले होते. तेव्हा "माणसाच्या बोलण्याला काय अर्थ" असे म्हणून ही पद्धत टाकून देता येत नाही.

उत्तर कुठे फसते

उत्तर चुकण्याची कारणे मुख्यतः चार. यात लबाडीचा भाग थोडा, माणसाच्या स्वभावाचा भाग मोठा.

पहिले कारण स्मरण. "गेल्या वर्षात दवाखान्यात किती वेळा गेलात?" असे विचारले तर बारीकसारीक फेऱ्या विसरल्या जातात, आणि दीड वर्षापूर्वीचे ऑपरेशन मात्र 'गेल्या वर्षीच' झाल्यासारखे वाटते. मोठी घटना मनात जवळ सरकते, छोटी पुसली जाते. वयाचे तर विचारूच नका. आपल्याकडच्या जनगणनांत शून्य आणि पाच या आकड्यांवर संपणारी वये नेहमी फुगलेली दिसतात. तीस, पस्तीस, चाळीस, पंचेचाळीस यांची गर्दी, आणि एकेचाळीस-त्रेचाळीसवाले कमी. लोक काही दर पाच वर्षांनी जन्मत नाहीत, अंदाजाने सांगतात.

दुसरे कारण भीड आणि लाज. दारू पितो का, बायकोवर हात उचलतो का, पाळीचा काही त्रास आहे का, असल्या प्रश्नाला खरे उत्तर कुणासमोर द्यायचे? सासू शेजारी बसलेली, चुलता दारात उभा, आणि विचारणारा तर अनोळखी. मग जे चांगले दिसेल ते सांगितले जाते. दुसरी एक सवय अशी की, साहेब माणसाने काही विचारले की आपण मान डोलावतो. "पाणी उकळून पिता ना?" "हो हो, पितो की." प्रश्नातच उत्तर दडलेले असले की आपले काम आणखी सोपे.

तिसरे कारण शब्दांचा अर्थ. मशेरीचा दाखला घ्या. "तंबाखू खाता का?" असे विचारले तर कितीतरी मायमाउल्या 'नाही' म्हणतील, आणि त्यात खोटे बोलण्याचा हेतू नसेल. मशेरी ही तंबाखू भाजून केलेली असली तरी तिला त्या दात घासायची वस्तू समजतात. दिवसातून चार वेळा दात घासणे होते ते वेगळे. म्हणूनच तंबाखूच्या राष्ट्रीय पाहणीत विडी, सिगारेट, गुटखा, खैनी, मशेरी अशी एकेका वस्तूबद्दल वेगळी विचारणा करतात. २०१६–१७ च्या पाहणीत महाराष्ट्रातील २६.६ टक्के प्रौढ कोणत्या ना कोणत्या रूपात तंबाखू वापरतात असे दिसले. त्यात धुराविना तंबाखू वापरणारेच २४.४ टक्के होते. नुसता "तंबाखू खाता का?" असा एकच प्रश्न ठेवला असता तर हा आकडा कितीतरी आक्रसला असता.

चौथे कारण सर्वांत खोल आहे, त्याकडे वाचकांनी विशेष लक्ष द्यावे. ते म्हणजे अंगवळणी पडणे. ज्या त्रासाबरोबर माणूस वर्षानुवर्षे जगला तो त्रास त्याला त्रास वाटेनासा होतो.

न सांगितलेले दुखणे

अर्थशास्त्रज्ञ अमर्त्य सेन यांनी याचा एक दाखला दिला आहे. बंगालच्या भीषण दुष्काळानंतर, १९४४ साली, कलकत्त्याजवळच्या सिंगूर भागात आरोग्याची पाहणी झाली. त्यात विधुर पुरुषांपैकी ४८.५ टक्के जणांनी आपण आजारी आहोत किंवा तब्येत यथातथाच आहे असे सांगितले. विधवांपैकी असे सांगणाऱ्या होत्या अवघ्या २.५ टक्के. आता त्या काळच्या बंगालमध्ये विधवेचे जिणे कसे होते हे ठाऊक असलेला कुणीही माणूस विधवांची तब्येत विधुरांपेक्षा वीसपट चांगली होती असे मान्य करणार नाही. त्या बायकांनी आपल्या प्रकृतीची तक्रार करायची असते हेच सोडून दिले होते.

सेन यांनी २००२ साली ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये असेच आणखी एक कोडे मांडले. भारतात आयुर्मान सर्वांत जास्त केरळात, आणि आजारपणाची तक्रारही सर्वांत जास्त केरळातच. उलट बिहारात आयुर्मान कमी आणि तक्रारही कमी. तोंडी उत्तरांवर विसंबायचे तर बिहारी माणूस ठणठणीत आणि केरळी माणूस रोगट म्हणावा लागेल. खरी गोष्ट अशी की शिकलेल्या आणि दवाखाना जवळ असलेल्या माणसाला आजार ओळखता येतो, म्हणून तो सांगतो. ज्याला दवाखानाच ठाऊक नाही तो सांगणार कुठून?

फार लांब जायला नको. आपल्या महाराष्ट्रात गडचिरोली जिल्ह्यात डॉ. राणी बंग आणि डॉ. अभय बंग यांनी दोन खेड्यांतील ६५० स्त्रियांची पाहणी केली. ती १९८९ साली लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकात प्रसिद्ध झाली आणि जगभर गाजली. स्त्रियांना विचारले तेव्हा ५५ टक्के जणींनी काही ना काही स्त्रीरोगाची तक्रार सांगितली, ४५ टक्के म्हणाल्या काही त्रास नाही. पण प्रत्यक्ष तपासणी केली तेव्हा ९२ टक्के स्त्रियांना एक वा अनेक आजार निघाले. सरासरी काढली तर एकेका बाईमागे ३.६ आजार. आणि यापूर्वी अशी तपासणी व उपचार झालेल्या स्त्रिया होत्या फक्त ८ टक्के.

या दोन आकड्यांमधले अंतर पाहा. संशोधक नुसती वही घेऊन फिरले असते तर जवळजवळ निम्म्या बायका निरोगी म्हणून नोंदल्या गेल्या असत्या. आणि ते नुसतेच तपासत बसले असते, बायकांशी बोलले नसते, तर अंगावर जाणे, ओटीपोट दुखणे या गोष्टी बाई कशा सोसते, कुणाला सांगते, दवाखान्यात का जात नाही, हे कळले नसते. विचारणे आणि तपासणे दोन्ही लागले. रोग दडून राहिला होता तो बायकांच्या गप्प बसण्यामागे, आणि त्या गप्प होत्या कारण तोवर त्यांना नीट विचारणारे कुणी आले नव्हते.

संशोधक काय युक्त्या करतात

ही सारी अडचण संशोधकांना ठाऊक असते. तिच्यावर त्यांनी शोधलेल्या युक्त्या समजून घेतल्या तर दारात आलेला माणूस असे विचित्र प्रश्न का विचारतो याचा उलगडा होईल.

आठवणीवर ताण पडू नये म्हणून काळ बांधून देतात. राष्ट्रीय नमुना पाहणीत साध्या आजाराबद्दल गेल्या १५ दिवसांचे विचारतात, कारण सर्दी-ताप त्यापुढे आठवत नाही. दवाखान्यात भरती झाल्याबद्दल मात्र ३६५ दिवसांचे विचारतात, कारण ते कुणी सहसा विसरत नाही. वय किंवा जुनी घटना काढायची तर मोठ्या प्रसंगाला गाठ मारतात. "कोयनेचा भूकंप झाला तेव्हा चालत होता का? बहात्तरच्या दुष्काळात खडी फोडायला गेला होता का? किल्लारीच्या भूकंपाआधी लग्न झालं का नंतर?" भूकंप १९६७ चा, दुष्काळ १९७२ चा, किल्लारी १९९३ ची, अशी साले माहीत असल्यामुळे वय आपोआप निघते. आपल्या आजी-आजोबांनी हीच रीत वापरली होती.

भिडेवर उपाय म्हणजे एकांत. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षण ही देशातली सर्वांत मोठी आरोग्य पाहणी आहे. मुंबईच्या देवनार येथील आंतरराष्ट्रीय लोकसंख्या विज्ञान संस्था तिचे काम पाहते. तिची पहिली फेरी १९९२–९३ साली झाली. २०१९–२१ च्या पाचव्या फेरीत सुमारे ६ लाख ३७ हजार घरे, ७ लाख २४ हजार स्त्रिया आणि १ लाख २ हजार पुरुष यांची माहिती घेतली गेली. तिच्यात घरातील मारहाणीबद्दलचे प्रश्न एका घरातील एकाच स्त्रीला विचारतात, आणि तेही पूर्ण एकांत मिळाला तरच. एकांत नसेल तर तो भाग विचारायचाच नाही असा दंडक आहे. म्हणून "तुम्ही जरा बाहेर थांबा" असे कुणी म्हटले तर घरच्या पुरुषमंडळींनी राग मानू नये.

नाजूक गोष्टीसाठी आणखी एक गमतीची युक्ती आहे. अमेरिकेतील स्टॅन्ली वॉर्नर यांनी १९६५ साली तिची मूळ कल्पना मांडली. तिचा एक सोपा प्रकार सांगतो. समजा, ४०० माणसांना विचारायचे आहे, "गेल्या महिन्यात दारू प्यालात का?" प्रत्येकाने आडोशाला जाऊन नाणे उडवायचे. छापा पडला तर काहीही असो, 'होय' म्हणायचे. काटा पडला तर खरे उत्तर द्यायचे. विचारणाऱ्याला नाणे दिसत नाही, त्यामुळे 'होय' म्हणणारा पिणारा की नुसता छापावाला हे त्याला कळत नाही. आता हिशेब असा : ४०० पैकी सुमारे २०० जणांचा छापा पडणार, ते सगळे 'होय'. एकूण 'होय' समजा २६० आले. २६० वजा २०० म्हणजे ६०. काटा पडलेल्या २०० जणांत ६० खरे 'होय', म्हणजे ३० टक्के. कुणा एकाचेही गुपित फुटले नाही, आणि गावाचा आकडा मात्र हाती आला.

शब्दांच्या घोटाळ्यावर उपाय म्हणजे नीट भाषांतर. परदेशी प्रश्नावली मराठीत आणली की दुसऱ्या माणसाकडून ती पुन्हा मूळ भाषेत करून घेतात आणि ताडून पाहतात. एवढ्याने भागत नाही. आपला माणूस 'मला नैराश्य आलंय' असे म्हणत नाही. तो म्हणतो, "डोकं जड झालंय, जेवण गोड लागत नाही, जिवाला चैन नाही." प्रश्न त्याच्या भाषेत नसेल तर उत्तर चुकणारच. गोव्यात प्राथमिक दवाखान्यांत आलेल्या रुग्णांवर पाच वेगवेगळ्या प्रश्नावल्या वापरून त्या सविस्तर मुलाखतीशी ताडून पाहण्यात आल्या. विक्रम पटेल व सहकाऱ्यांचा हा अभ्यास २००८ साली प्रसिद्ध झाला. पाचही प्रश्नावल्या बऱ्यापैकी कामाच्या ठरल्या. म्हणजे छोटी प्रश्नावलीसुद्धा, नीट पारखून घेतली तर, साध्या दवाखान्यात चालू शकते.

आणि शेवटी काटा. जिथे मोजता येते तिथे मोजतात. तंबाखूतील निकोटिनपासून शरीरात कोटिनिन नावाचा पदार्थ तयार होतो. तो लाळेत, लघवीत सापडतो, त्यावरून सांगितलेले आणि खरे ताडता येते. कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या २०१९–२१ च्या फेरीत रक्तदाब मोजला, बोटातून रक्ताचा थेंब घेऊन साखर आणि रक्तातले लोह-द्रव्य म्हणजे हिमोग्लोबिन पाहिले. पाचव्या फेरीत महाराष्ट्रातील १५ ते ४९ वयाच्या ५४.२ टक्के स्त्रियांना रक्तक्षय आढळला. यातल्या किती जणींनी आपणहून 'मला रक्त कमी आहे' असे सांगितले असते? थकवा येतोच, चक्कर येतेच, बाईच्या जातीला हे असायचंच, असे म्हणून त्या कामाला लागल्या असत्या. रक्तदाबाचे तर आणखी अवघड. तो वाढला तरी बहुतेकांना काहीच जाणवत नाही. तिथे "मला काही होत नाही" हे उत्तर प्रामाणिक असते, आणि तरीही चुकीचे असते.

हे आपल्याला का सांगायचे

आपल्या गावात आयुष्मान आरोग्य मंदिरामार्फत आशाताई ३० वर्षांवरील प्रत्येकाचा एक अर्ज भरते. तंबाखू, दारू, कमरेचा घेर, व्यायाम किंवा कष्टाचे काम, घराण्यात रक्तदाब-मधुमेह-हृदयविकार आहे का, असे त्यात विचारलेले असते. प्रत्येक उत्तराला गुण असतात. बेरीज ४ च्या वर गेली की त्या माणसाला तपासणीसाठी आधी बोलावतात. रोज तंबाखू खाणारा माणूस लाजेने 'नाही' म्हणाला, आणि वडलांना शुगर होती हे सांगायचे विसरला, तर त्याचे गुण घसरतात आणि त्याचा नंबर मागे जातो. फसला कोण? आशाताई तर नव्हे. याच अर्जात पंधरवड्याहून जुना खोकला, थुंकीतून रक्त, स्तनातील गाठ, पाळी गेल्यावरचा रक्तस्राव, असेही प्रश्न असतात. क्षय आणि कर्करोग वेळेवर सापडावेत म्हणून ते आहेत. पुरुषांच्या देखत घरातली बाई त्यांची उत्तरे देईल का, याचा विचार आपणच करावा.

दुसरी गोष्ट आपल्या शेतात राबणाऱ्या टोळ्यांची. हंगाम सुरू झाला की कोयते येतात, कोप्या उभ्या राहतात, पाच-सहा महिने ती माणसे आपल्या शिवारात असतात आणि मग निघून जातात. त्यांच्या गावी पाहणी होते तेव्हा ती आपल्याकडे असतात, आणि आपल्याकडे पाहणी झाली तर ती आपल्या गावच्या यादीत नसतात. दोन्हीकडून सुटतात. त्यातून विचारलेच तर खाडा पडेल, मुकादम काय म्हणेल, या धास्तीने उत्तर एकच : "काय नाय झालं."

२०१९ साली राज्य शासनाने नेमलेल्या समितीच्या पाहणीत बीड जिल्ह्यातील ८२,३०९ महिला ऊसतोड कामगारांपैकी १३,८६१ जणींचे गर्भाशय काढलेले आढळले. म्हणजे शंभरात सुमारे १७. २०१५–१६ च्या कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात १५ ते ४९ वयाच्या भारतीय स्त्रियांत हेच प्रमाण शंभरात सुमारे ३ होते. दोन्ही पाहण्यांचे वयोगट तंतोतंत सारखे नसतील, तरी एवढा फरक वयाने भरून निघणारा नाही. गर्भाशय काढल्याचे कुणी बाई विसरत नाही. इथे स्मरणाचा प्रश्न नव्हता, भाषेचा नव्हता. खास त्याच बायकांकडे जाऊन विचारल्यावर आकडा पुढे आला. आणि आकडा आला म्हणून तो विधिमंडळात, वर्तमानपत्रांत बोलला गेला. ज्या दुखण्याचा आकडा नसतो त्याच्यासाठी ना औषध येते, ना डॉक्टर नेमला जातो, ना कुणी जाब विचारतो. पाहणीतला 'काही नाही' हा शब्द सरकारदरबारी निरोगीपणा म्हणूनच वाचला जातो.

साखर आपली गोड व्हावी म्हणून जी बाई पहाटे चारला उसाच्या फडात उतरते, तिच्या मोळीचे वजन आपण काट्यावर किलोपर्यंत मोजतो. तिच्या प्रकृतीची नोंदही तितक्याच काळजीने झाली पाहिजे, असे आम्हाला वाटते.

आपण काय करावे

सभासदांनी आणि त्यांच्या घरच्या मंडळींनी पुढील गोष्टी ध्यानात ठेवाव्यात.

१) पाहणीसाठी आलेल्याला आधी विचारावे : तुम्ही कुणाकडून आलात, माहिती कशासाठी हवी, आमचे नाव कुठे जाणार? भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या २०१७ च्या नियमांप्रमाणे संशोधनासाठी माहिती घेण्यापूर्वी समजावून सांगून संमती घेणे बंधनकारक आहे. नको असेल तर नाही म्हणता येते, मध्येच थांबताही येते. नाही म्हटले म्हणून दवाखान्यातला उपचार कुणी अडवू शकत नाही.

२) उत्तर द्यायचे ठरवले तर पाच मिनिटे बसून द्यावे. आठवत नसेल तर 'आठवत नाही' म्हणावे. अंदाजाने ठोकून दिलेल्या उत्तरापेक्षा ते केव्हाही बरे.

३) प्रश्न कळला नाही तर पुन्हा विचारायला लावावा. मशेरी, तपकीर, मावा, सगळे तंबाखूतच धरावे.

४) ज्याचे उत्तर त्यानेच द्यावे. "तिला काय विचारता, मी सांगतो की" ही आपली सवय सोडावी. घरातल्या बाईला, म्हाताऱ्या आईला, सुनेला आपापले सांगू द्यावे, आणि त्या वेळी आपण बाहेर जावे.

५) तब्येत चांगली वाटते म्हणून मोजणे टाळू नये. तिशी ओलांडलेल्या प्रत्येकाने वर्षातून एकदा तरी रक्तदाब व साखर तपासून घ्यावी. आपले बोलणे आणि काटा यांत फरक निघाला तर काटा मानावा. उलट, तपासणीचा कागद ठीक आला आणि तरी बरे वाटत नसेल, तर गप्प बसू नये. डॉक्टरांना तसे स्पष्ट सांगावे.

६) ज्यांच्या शेतात तोडणी चालू आहे त्यांनी आशाताईला किंवा उपकेंद्राला टोळी आल्याचा निरोप द्यावा. पाहणी अगर तपासणीच्या दिवशी अर्धा दिवस गेला तर मुकादमाशी आपणच बोलावे. त्या बायका आपल्या तोंडाकडे पाहत असतात. मालकच म्हणाला 'जा, दाखवून या', तर त्यांना जाता येते.

ही यादी वाचून बाजूला ठेवण्यासाठी नाही. या अंकाची प्रत घरातल्या बायकांच्याही हाती पडावी, ज्यांना वाचता येत नाही त्यांना मोठ्याने वाचून दाखवावी, आणि पुढच्या वेळी आशाताई दारात आली की तिला बसायला चटई टाकावी, एवढी आमची विनंती आहे.